पांढरीचे वाचन

दख्खनच्या खेड्यात जमिनीची ओळख रंगावरून पटते: पिकाची जमीन ती काळी आणि वस्तीची जमीन ती पांढरी. एकाच जागी पिढ्यान्‌पिढ्या माणसे राहिली, की चुलींची राख, सारवणाचे पापुद्रे, पडक्या भिंतींची माती, हाडे आणि खापरे यांची भर पडून ती जागा भोवतालच्या शिवारापेक्षा उंचावते, तिचा रंग राखाडी-पांढुरका होतो आणि वस्ती उठून गेल्यावरही पांढरीचे टेकाड मागे उरते. शेतकरी ही कसदार माती खत म्हणून गाड्या भरून नेत आले. पुरातत्त्वज्ञाच्या लेखी मात्र हे टेकाड म्हणजे एक बाड असते, आणि त्याचे खालचे पान वाचायचे तर वरचे फाडून काढण्यावाचून गत्यंतर नसते. पुणे जिल्ह्यात घोड नदीच्या काठी असलेल्या इनामगावच्या टेकाडाचे असे वाचन डेक्कन कॉलेजच्या पथकाने ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर आणि झेड. डी. अन्सारी यांच्या नेतृत्वाखाली १९६८ ते १९८३ या काळात केले, आणि इ.स.पू. सुमारे १६०० ते ७०० या नऊशे वर्षांतील शेतकऱ्यांची, म्हणजे तांबे आणि दगड या दोहोंची हत्यारे वापरणाऱ्या ताम्रपाषाणयुगीन लोकांची, शंभराहून अधिक घरे उजेडात आणली.

या कामाची सुरुवात कुदळीने होत नाही. ती खुंट्या आणि सुतळीने होते. टेकाडाचा पृष्ठभाग चौरसांत विभागला जातो, प्रत्येक चौरसाला अक्षर-आकड्यांचे नाव मिळते आणि दोन चौरसांमध्ये शेताच्या बांधासारखी न खणलेल्या मातीची पट्टी राखली जाते. मॉर्टिमर व्हीलर यांनी १९४४ नंतर भारतात रुजवलेल्या या पद्धतीत बांधाचे महत्त्व फार आहे, कारण चौरसातील माती उपसून गेली तरी बांधाच्या उभ्या कडेवर सर्व थर एकावर एक दिसत राहतात, आणि ओळंबा व मोजपट्टी लावून त्या कडेचे चित्र आलेखाच्या कागदावर उतरवता येते. खालचा थर आधीचा आणि वरचा नंतरचा, हा नियम साधा असला तरी टेकाडावर तो सरळ लागू होत नाही. कारण घुशी बिळे करतात, पावसाचे पाणी माती कातरत नेते आणि नंतरच्या पिढ्या धान्याच्या पेवांसाठी किंवा कचऱ्यासाठी खड्डे खणून वरच्या काळातील वस्तू खालच्या काळात नेऊन टाकतात.

त्यामुळे खणणाऱ्याचे कौशल्य हत्यार चालवण्याइतकेच ते वेळीच थांबवण्यात असते. टिकावाचा उपयोग वरच्या विसकटलेल्या मातीपुरता. त्याखाली खुरपी, थापी आणि कुंचला. थापीच्या धारेने पृष्ठभाग खरवडला जात असता कठीण जमीन लागली, की हाताला प्रतिकार जाणवतो आणि पात्याखालचा आवाज बदलतो. बांधाच्या कडेवर पाहिले तर तीच जमीन बोटभर जाडीच्या, सारवणावर सारवण चढलेल्या रेघांची दिसते. त्या जमिनीवर ठरावीक अंतराने भुसभुशीत आणि किंचित काळसर मातीची वर्तुळे उमटली, तर तेथे कुडाच्या भिंतीचे लाकडी खांब रोवलेले होते असे समजते. लाकूड केव्हाच कुजून गेलेले असते, परंतु खांबाच्या खळग्यात भरलेली माती भोवतालच्या मातीशी एकजीव होत नाही, आणि अशी वर्तुळे जोडत गेल्यावर आयताकृती घर कागदावर उभे राहते.

अशाच एका जमिनीवर कधी लांबट गोल, मऊ मातीचा डाग दिसतो. त्याची कड आधी थापीच्या टोकाने आखून घेतली जाते आणि तो खड्डा कोणत्या जमिनीतून खणला गेला हे बांधाच्या कडेवर पाहिले जाते. ज्या सारवणाच्या रेघा त्याने कापल्या त्या त्याच्या आधीच्या, आणि जी रेघ त्याच्यावरून अखंड गेली ती नंतरची. मग आतील माती हळूहळू निघते आणि तोंडाला तोंड लावून आडवी ठेवलेली करड्या रंगाची दोन मडकी दिसू लागतात. मातीच्या भाराने ती बहुधा चेपलेली असतात. फुटलेली खापरे जागची न हलवता आतील माती बांबूच्या काडीने कोरून आणि कुंचल्याने झाडून काढली, की बालकाची कवटी, फासळ्या आणि दुधाचे दात दिसतात. दातांच्या वाढीवरून वय ठरवता येते. शेजारी अनेकदा तोटीचे भांडे आणि वाडगा ठेवलेला असतो. मूल दगावले तर त्याला घराच्या जमिनीखाली किंवा अंगणात पुरावे आणि त्यावर पुन्हा सारवून त्याच घरात राहावे, अशी इनामगावच्या लोकांची रीत होती. प्रौढांना उत्तरेकडे डोके करून खड्ड्यात आडवे ठेवत, आणि त्यांची पावले घोट्याखाली तोडलेली आढळतात. मृताने चालत परत येऊ नये, अशी भावना त्यामागे असावी असा तर्क केला गेला आहे.

दफने आणि घरे विरळ. रोजची रास खापरांची. चौरस, थर आणि तारीख लिहिलेल्या चिठ्ठीसह ती पिशवीत भरली जातात, पाण्यात धुऊन उन्हात वाळवली जातात आणि मग प्रत्येक तुकड्याच्या आतील बाजूस बारीक अक्षरांत चौरस व थर यांचे क्रमांक लिहिले जातात. काठ, बूड आणि नक्षीचे तुकडे वेगळे काढले जातात, कारण त्यांवरून भांड्याचा घाट कळतो. चाकावर घडवून, लाल लेप देऊन, काळ्या रंगात भौमितिक नक्षी काढलेली खणखणीत भांडी ‘जोर्वे’ म्हणून ओळखली जातात. प्रवरेकाठच्या ज्या गावी १९५०-५१ मध्ये ती उत्खननात प्रथम नीट ओळखली गेली, त्याचे हे नाव आहे. नखाने टिचकी मारली असता असे खापर धातूसारखे वाजते, आणि त्या नादावरून भट्टीचा ताव किती चांगला साधला होता हे कळते.

प्राचीन संस्कृतींविषयीचे कुतूहल मात्र बहुधा अशा खापरांपाशी थांबत नाही. पांढरी खणली जाते आहे असे कळताच गुप्तधनाचा हंडा मिळाला का, हाच प्रश्न आधी मनात येतो. प्रवरेच्याच काठी दायमाबाद येथे १९७४ मध्ये झाडाची मुळे खणताना गावकऱ्यांना खरोखरच असा ठेवा मिळाला: रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा यांच्या ओतीव धातूच्या चार प्रतिमा, एकूण वजन साठ किलोंहून अधिक. त्यांच्याइतक्या देखण्या वस्तू या भागातील ताम्रपाषाणयुगातून क्वचितच मिळाल्या असतील. तरीही त्या कोणत्या थरात होत्या याची नोंद बाहेर काढताना झाली नाही, आणि म्हणून त्यांच्या काळाविषयी अभ्यासकांत आजही मतभेद आहेत.

याउलट इनामगावच्या मातीच्या वस्तूंनी एक अख्खे गाव सांगितले. पाच खोल्यांचे मोठे घर आणि त्याला लागून धान्याचे कोठार ही दोन्ही एकाच थरातील ठरल्यामुळे तेथे गावचा प्रमुख राहत असावा आणि धान्य त्याच्याकडे जमा होत असावे असे म्हणता आले, कुंभाराची भट्टी व चुना भाजणाऱ्याचे घर वस्तीच्या पश्चिम कडेला सापडल्याने कारागिरांची जागा समजली, आणि इ.स.पू. १००० नंतरच्या थरांत ऐसपैस आयताकृती घरांऐवजी लहान गोल झोपड्या येऊ लागल्या, त्यावरून कोरडे होत गेलेले हवामान आणि खालावलेली शेती यांचा विचार पुढे आला. हे सर्व निष्कर्ष ज्या मातीतून निघाले ती आता जागेवर नाही. त्यामुळे भांडारातील एखाद्या खापरावरील क्रमांक पुसला गेला, तर नक्षी शाबूत असूनही त्याला त्याच्या थरात पुन्हा बसवता येत नाही, आणि कोणत्याही वेचलेल्या खापरापेक्षा ते अधिक काही सांगू शकत नाही.