भुजंगनाथानंतरचा नवरा : केशवराव दाते

जरठ-कुमारी विवाहातला म्हातारा नवरा मराठी प्रेक्षकाला देवलांनी १८९९ साली ‘संगीत शारदा’तून दाखवला. भुजंगनाथ श्रीमंत, लग्नाला उतावळा आणि हास्यास्पद. प्रेक्षक त्याला हसला आणि हसून निर्धास्त झाला. असला म्हातारा आपल्या घरात थोडाच असतो! त्यानंतर अडतीस वर्षांनी, १९३७ मध्ये, शांतारामबापूंच्या ‘कुंकू’त तसाच दुसरा नवरा आला. वकील, विधुर, मोठ्या झालेल्या मुलांचा बाप. हे काकासाहेब केशवराव दात्यांनी केले आणि त्यांना हसणं अवघड करून ठेवलं.

दाते (जन्म १८८९) मुळात रंगभूमीचे, तेही गद्य रंगभूमीचे. महाराष्ट्र नाटक मंडळीत गाण्याचा आधार नव्हता. सारी भिस्त वाक्यावर. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’त (१९०९) त्यांनी ऐन विशीत आनंदीबाई उभी केली. पुढे १९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ आणलं. नॉर्वेच्या ब्यर्न्सनच्या नाटकावरून वर्तकांनी बेतलेलं हे नाटक. स्वगतं गेली, दिवाणखान्यातलं साधं बोलणं आलं. त्या मंडळींत दाते होतेच. म्हणजे वाक्य फेकण्याची आणि वाक्य आवरण्याची, अशा दोन्ही तालमी झालेला नट प्रभातच्या हाती लागला. ‘अमृतमंथन’च्या (१९३४) मराठी आवृत्तीत त्यांनी राजगुरू केला, हिंदीत ती भूमिका चंद्रमोहनकडे गेली. तिथे पहिली तालीम कामी आली. ‘कुंकू’त दुसरी.

‘कुंकू’ला पार्श्वसंगीत नाही. नटाला याचा केवढा जाच होतो, हे लक्षात घेतलं पाहिजे. वाक्य संपल्यावर पडणारी पोकळी भरायला व्हायोलिन धावून येत नाही. नटानेच ती सोसायची. नांदगावला बसून मी हा चित्रपट मोबाईलवर अनेकदा पाहिला आणि एकदा मुद्दाम नुसता ऐकला. घड्याळ, घरातले आवाज आणि दात्यांचं थांबणं. मिशा काळ्या करणारा म्हातारा म्हणजे नाटकातला हमखास हशा. दाते तो हशा पिकू देत नाहीत. आरशासमोरचा माणूस आपल्याला कोणी पाहत नाही अशा समजुतीत असतो, आणि आपण त्याला पाहतोय याचीच आपल्याला लाज वाटते. हिंदी ‘दुनिया न माने’तही काकासाहेब त्यांचेच.

मात्र या अभिनयाची एक किंमत आहे. बंड नीरेचं आहे. शांता आपट्यांनी ते ज्या ताठ मानेने केलं, त्याला तोड नाही. पण शेवटी ती सुटते ती नवऱ्याच्या आत्महत्येने. अन्याय समाजाने केला, मामाने केला, आणि हिशोब एका म्हाताऱ्याच्या मरणाने मिटवला. ज्या कादंबरीवर चित्रपट बेतला, त्या ना. ह. आपट्यांच्या कादंबरीचं नाव ‘न पटणारी गोष्ट’. मला हा शेवट खरोखरच पटत नाही. भुजंगनाथाचा राग तरी येत होता. काकासाहेबांची कणव येते आणि त्या कणवेत नीरेचा प्रश्न मागे पडतो. नट कमी प्रतीचा असता, तर हे एवढं खपलं नसतं.

‘शेजारी’त (१९४१) ते जिवबा पाटील होते, गजानन जागीरदार मिर्झा. दोन मित्र बुद्धिबळाच्या पटावर बसतात, तेव्हा दोघेही संवादापेक्षा सवयीने बोलतात. त्यामुळेच पुढची ताटातूट झोंबते. ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’त (१९४६) कोटणिसांचे वडील केले. त्यानंतर बाप, गुरू, वडीलधारे अशीच कामं वाट्याला आली. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) रंगीत होता, नाचाने भरलेला. त्यात गोपीकृष्णांचे वडील आणि गुरू मंगल महाराज झाले, तेव्हा दाते सहासष्ट वर्षांचे होते. आता मिशा काळ्या करण्याचं कारण उरलं नव्हतं.