शहरातली गर्दी, आडनाव आणि एकटेपणा

४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी खेड्याचे गोडवे गाणाऱ्यांना खडे बोल सुनावले. गावगाड्यात आपल्या माणसाला काय भोगावे लागते, हे त्यांना ठाऊक होते. मोहोळ तालुक्यातली आपली पोरं-पोरी आजही सुटकेच्या आशेनेच रेल्वेने पुणे-मुंबई गाठतात. शहर बरेच काही देतेही. पण खोलीवर परतल्यावर बोलायला कुणी नसते, हे घरी फोनवर सांगितले जात नाही. या एकटेपणाविषयी दोन लघुपटांच्या आधारे आम्ही लिहीत आहोत.

मणी कौल यांचा 'अरायव्हल' (१९८०) हा फिल्म्स डिव्हिजनचा सुमारे वीस मिनिटांचा प्रायोगिक लघुपट. प्रायोगिक अशासाठी की यात नायक नाही, कथा नाही, समजावून सांगणारा निवेदकही नाही. मुंबईत फळं-भाज्या येतात, शेळ्यामेंढ्या येतात आणि कामाच्या शोधात मजूर येतात. कॅमेरा सगळ्यांकडे सारख्याच नजरेने बघतो. जनावरांची कत्तलही दाखवतो. ती बघवत नाही. बघता बघता लक्षात येते, की शहराच्या लेखी मजूर हाही उतरवून घेतलेला मालच आहे. समाजशास्त्रात याला परात्मता म्हणतात. श्रम विकता विकता माणूस स्वतःलाच परका होतो. सरकारी पैशातून असा लघुपट निघाला, याचे आम्हाला आजही नवल वाटते.

मात्र 'अरायव्हल'मधल्या मजुरांना नाव नाही, त्यामुळे जातही नाही. आमच्या मते इथे तो अपुरा पडतो. ती जागा नीरज घायवान यांच्या 'गीली पुच्ची'ने (२०२१) भरून काढली. 'अजीब दास्तान्स'मधला हा एक भाग. शैली प्रायोगिक नाही, सरळ कथा आहे. भारती मंडल ही कारखान्यात यंत्रावर काम करणारी दलित तरुणी. तिला हवे असलेले ऑफिसातले काम प्रिया शर्माला मिळते. पुढे दोघींची मैत्री होते, पण भारती आपले खरे आडनाव लपवते. मैत्रिणीच्या शेजारी बसूनही ती एकटीच. भाड्याची खोली बघताना 'पूर्ण नाव काय?' या प्रश्नाला थबकलेल्या आपल्या मुलामुलींना हे समजावून सांगावे लागणार नाही.

मोबाईलवर लघुपट काढू पाहणाऱ्यांनी दोन्ही बघावेत. रविवारच्या वंदनेनंतर विहारात 'अरायव्हल' दाखवला, तर पहिली पाच मिनिटे चुळबुळ होईल, होऊ द्यावी. नंतर चर्चेत कार्यकर्त्यांनी भाषण न करता, शहरातून सुट्टीला आलेल्यांना आधी बोलू द्यावे.