घर अंटार्क्टिकात, पोट अरबी समुद्रात

पावसाळ्यात कोकण किनाऱ्यावर एखादा थकलेला समुद्रपक्षी सापडला, की 'वादळाने भरकटून आलाय' असं सर्रास म्हटलं जातं. विल्सन्स स्टॉर्म पेट्रेलच्या बाबतीत हे अर्धंच खरं आहे.

हा पक्षी चिमणीहून थोडा मोठा, वजनाला साधारण 40 ग्रॅम. रंग काळपट, शेपटीच्या मुळाशी पांढरा पट्टा, बोटांमधले पडदे पिवळे. पंख पसरून, लांब पाय लाटेवर टेकवत तो प्लवंग (पाण्यात तरंगणारे बारीक जीव) टिपतो. बघणाऱ्याला तो पाण्यावर चालतोय असंच वाटतं.

स्थलांतर म्हणजे वीण आणि खाद्य यांच्या ठिकाणांमधली दरवर्षीची ठरलेली ये-जा. घर मालवणात नि पोटापाण्याचा उद्योग मुंबईत, अशा चाकरमान्यासारखाच हा हिशेब. नोव्हेंबर ते मार्च तो अंटार्क्टिकाच्या किनाऱ्यावर, कपारीत एकच अंडं घालून पिल्लू वाढवतो. तिकडे हिवाळा लागला, की विषुववृत्त ओलांडून अरबी समुद्रात येतो. पाहुणे पक्षी उत्तरेकडूनच, थंडीतच येतात हा आपला समज इथे उलटा पडतो!

वारा त्याला ढकलतो तो फार तर खोल समुद्रातून किनाऱ्यापर्यंत. असा पक्षी सापडला तर लाटांत परत सोडायची घाई करू नये; खोक्यात, सावलीत ठेवून वनविभागाला कळवावं.