एकतर्फी पोटगीचा आदेश आणि तीन महिन्यांची मुदत

सकाळी ७
कळंबकडच्या पहिल्या एसटीने आलेला अशील दारात उभा. "वकीलसाहेब, वॉरंट घेऊन पोलीस आले होते." दिवाळीनंतर टोळीबरोबर ऊसतोडीला बेळगावकडे गेला, गुढीपाडव्याच्या सुमारास परतला. पत्नीला पोटगी मंजूर झाल्याचा आदेश जानेवारीतला. मी आधी तारीख पाहतो. एकतर्फी आदेश रद्द करण्याचा अर्ज तीन महिन्यांत द्यावा लागतो. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२६ मध्ये होतं, १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४५ मध्ये आहे. मुदत संपत आली आहे. मुदत आदेशापासून मोजायची की तो कळल्यापासून, हा वाद अंगावर घेण्यापेक्षा आजच अर्ज गेलेला बरा.

सकाळी ९
"लेकरं किती?"
"दोन."
"त्यांना काय पाठवलं?"
"काहीच नाही, साहेब."
मी स्पष्ट सांगतो, "दादा, तारखेला न येण्याचं कारण तुमच्याकडे आहे. लेकरांना न पोसण्याचं नाही." मुकादमाकडच्या उचलीचा कागद अर्जाला जोडतो. उत्पन्न आणि मालमत्तेचं शपथपत्रही तयार करतो. रजनेश विरुद्ध नेहा या ४ नोव्हेंबर २०२० च्या निकालापासून सर्वोच्च न्यायालयाने ते दोन्ही बाजूंना सक्तीचं केलं आहे. पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यायची, हेही त्याच निकालातलं. म्हणून आदेश जानेवारीतला असूनही थकबाकी मोठी दिसते.

सकाळी ११
कोर्टात रोजनामा आणि बजावणीचा अहवाल वाचतो. 'घर कुलूपबंद, नोटीस दारावर डकवली.' कायद्याने अशी बजावणी चालते. पण एकतर्फी चालवायला माणूस जाणूनबुजून नोटीस टाळतोय किंवा हजर राहत नाही, अशी कोर्टाची खात्री व्हावी लागते. कळंब, वाशी, भूममधून शेकडो कुटुंबं हंगामाला बाहेर पडतात. तिथे कुलूप म्हणजे पळवाट असं धरता येत नाही.

दुपारी १
बाररूममध्ये पत्नीच्या वकिलांना अर्जाची प्रत देतो. त्या म्हणतात, "बाई माहेरी रोजंदारीवर जाते. अजून एक रुपया मिळालेला नाही." हे खोडून काढण्यासारखं माझ्याकडे काही नाही आणि मी तसा प्रयत्नही करत नाही.

दुपारी ३
पुकारा होतो. नुसत्या अर्जाने वसुली थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. न्यायाधीश विचारतात, "आज किती भरता?" अशील हंगामाच्या कमाईतला आकडा सांगतो. रक्कम जमा करण्याच्या अटीवर वॉरंट पुढच्या तारखेपर्यंत थांबतं, समोरच्या बाजूला म्हणणं द्यायला सांगितलं जातं.

सायंकाळी ५
पैसे भरल्याची पावती फाईलला लागते. "नाहीच भरले तर आत बसून सुटका होते का?" तो विचारतो. नाही. एकेका महिन्याच्या थकबाकीसाठी महिनाभरापर्यंत कैद होऊ शकते आणि ती भोगूनही देणं फिटत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे १९८८ मध्येच सांगितलं आहे.

रात्री ८
त्याच्या फाईलवर मुकादमाचा फोन नंबर आणि आईचं नाव लिहून ठेवतो. पूर्वी समन्स घरातल्या प्रौढ पुरुषाकडेच देता येई, नव्या संहितेत घरातली कोणतीही प्रौढ व्यक्ती चालते. पुढच्या हंगामात नोटीस आली आणि आई घरी असली तर ती घेऊ शकेल. त्याचं ऐकून घेतलं जावं, यासाठी मी पुन्हा उभा राहीन. पण सुनावणी चालू असेपर्यंत दर महिन्याची रक्कम त्या दोन लेकरांपर्यंत पोचलीच पाहिजे. हे त्याला पटवणं माझ्या वकिलीतच येतं.