फोनवर पीएसपी, तोही नेटशिवाय!

नांदेडहून मुंबईला जाणाऱ्या तपोवन एक्स्प्रेसमध्ये अख्खा दिवस जातो, लातूर-मुंबई गाडीत रात्र. वाटेत रेंज येते-जाते. अशा वेळी ऑफलाइन चालणारे पीएसपीचे गेम म्हणजे पर्वणीच!

सोनीने हा हातातला कन्सोल २००४ मध्ये जपानात आणला. फोनलाच पीएसपी बनवणारं पीपीएसएसपीपी हे ॲप हेन्रिक रिडगार्ड यांनी २०१२ मध्ये आणलं. मोफत, ओपन सोर्स, शिवाय वेगळी बायोस फाइलही लागत नाही. नवख्यांनी इथूनच सुरुवात करावी.

ॲप प्ले स्टोअरवरूनच घ्यावं. गेमची आयएसओ फाइल एका फोल्डरमध्ये ठेवायची आणि ॲपला तो फोल्डर दाखवायचा, झालं काम. मूळ स्क्रीन अवघी ४८० बाय २७२ पिक्सेलची. ग्राफिक्स सेटिंगमध्ये रेंडरिंग रिझोल्यूशन दुप्पट केलं की चित्र लख्ख दिसतं. गेम अडखळला तर ते पुन्हा मूळ आकड्यावर आणावं, तरीही अडला तर बॅकएंड व्हल्कनवरून ओपनजीएलवर नेऊन पाहावा.

गेम मात्र स्वतःच्या यूएमडी डिस्कवरून काढलेलाच हवा, आणि त्यासाठी खरा पीएसपी लागतो. नेटवर फुकट वाटल्या जाणाऱ्या फाइल म्हणजे पायरसीच.

फोन बदलण्याआधी पीएसपी फोल्डरमधला सेव्हडेटा कॉपी करून ठेवा. खेळातली सगळी कमाई तिथेच असते.