'खुणा काय, कुणालाही कळतात!'

शहापूर तालुक्यातल्या शेणवा, किन्हवली, डोळखांब या पट्ट्यात कर्णबधिर माणसाचा विषय निघाला की दोन वाक्यं हमखास कानावर येतात. पहिलं, "त्याला वेगळी भाषा कशाला? खुणा करतो की, सगळ्या गावाला कळतं त्याचं." आणि दुसरं, "दुभाष्या कशाला बोलवायचा? भाऊ सांगतो ना त्याचा." बोलणारे दुष्ट नसतात, बहुतेक वेळा तर मायेनंच बोलतात. पण बाकीच्या सगळ्या गैरसमजांनी मिळून केलं नसेल एवढं नुकसान या दोन्ही वाक्यांमागच्या एका समजानं केलंय, म्हणून आधी त्याचाच समाचार.

यात थोडं तथ्य आहे, ते मान्य करून टाकू. आठवडी बाजारात वांग्यांकडे बोट केलं, पंजा हलवून 'केवढ्याला?' विचारलं, दोन बोटं दाखवली, की झाला व्यवहार. ॲनेलिस कुस्टर्स या स्वतः कर्णबधिर असलेल्या संशोधिकेनं मुंबईत नेमका हाच अभ्यास केला. फेरीवाले, दुकानदार आणि कर्णबधिर गिऱ्हाइकं यांचं हातवाऱ्यांवर कसं भागतं, यावर 2015 साली 'इशारे' नावाचा माहितीपटही काढला. बाजारापुरतं खरोखरच भागतं. पण त्याच कुस्टर्सबाईंनी 2009 च्या एका लेखात मुंबईच्या लोकलमधल्या अपंगांच्या डब्याबद्दल लिहिलंय. कर्णबधिर मंडळी त्या डब्यात ठरवून भेटतात आणि पोटभर गप्पा मारतात. हातवाऱ्यांवरच सगळं निभत असतं, तर त्यांनी एकमेकांना असं शोधत का फिरावं?

आता एक प्रयोग करा. 'उद्या तू आला नाहीस तर मी परवा एकटीच जाईन, असं आई काल म्हणाली' एवढंच वाक्य हातवाऱ्यांनी सांगून बघा. काल-परवा कसं दाखवणार? 'तर' कसं दाखवणार? यातला 'मी' म्हणजे सांगणारा नसून आई आहे, हे कसं कळणार? भारतीय सांकेतिक भाषा बोलणारा हे सहज सांगतो. काळ आधी सांगतो, समोरच्या हवेत माणसांच्या जागा ठरवतो, अंग किंचित वळवून आईच्या भूमिकेत शिरतो आणि भुवयांनी 'जर' उभा करतो. चेहरा तिथे भावना दाखवण्यापुरता नसतो, व्याकरणाचं कामही करतो.

हे कुणाच्या मनचं नाही. भाषाशास्त्रज्ञ उल्रिके झेशान यांनी दिल्ली आणि कराचीतल्या कर्णबधिरांच्या या भाषेचं व्याकरण मांडलं आहे. प्रश्नाची खूण एकच आणि ती वाक्याच्या शेवटी येते. जागेच्या खुणेला ती जोडली की 'कुठे', वेळेला जोडली की 'कधी', चेहऱ्याच्या खुणेला जोडली की 'कोण'. नकारही शेवटी. मराठी, हिंदी किंवा इंग्रजी हातांवर उतरवून ही भाषा झालेली नाही. हो, पुरुषासाठी मिशी आणि बाईसाठी नाकातली चमकी अशा ओळखू येणाऱ्या खुणा तिच्यात आहेत. त्या कुणी समजावून दिल्या की आपण म्हणतो, "बघा, किती सोपं!" उत्तर ऐकल्यावर कोडं सोपंच वाटतं.

मग शेणव्यातल्या एकट्या कर्णबधिर मुलाच्या खुणांचं काय? त्या घरगुती खुणा. भूक, पाणी, शाळा, मार, मामा आला, एवढं त्यांत मावतं. त्या घराबाहेर चालत नाहीत आणि ती मुलाची चूक नाही. भाषा एकट्याला घडवता येत नाही, तिला माणसं लागतात. निकाराग्वात 1977 नंतर घरोघरची अशी मुलं मानाग्वाच्या शाळांत पहिल्यांदा एकत्र आली. शिक्षक त्यांना स्पॅनिश बोलायला शिकवत होते, आणि मुलांनी मधल्या सुट्टीत, बसमध्ये आपली नवी सांकेतिक भाषा घडवली. आपल्याकडे तर ती घडवायचीही गरज नाही, तयार आहे. मदन वसिष्ठ (हिमाचलमधल्या खेड्यातले, अकराव्या वर्षी बहिरेपण आलेले) आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1970 च्या दशकाच्या शेवटी दिल्ली, कोलकाता, मुंबई आणि बंगळूरमधल्या खुणा गोळा केल्या, तेव्हा त्यांतल्या सुमारे 75 टक्के एकमेकींशी जुळणाऱ्या निघाल्या. म्हणजे शहापूरची मुलगी ही भाषा शिकली तर कोलकात्यात जाऊन गप्पा मारेल. तिच्या मराठी बोलणाऱ्या भावाला ते जमणार नाही.

आता हा भाऊ. समृद्धी महामार्ग शहापूर तालुक्यातून गेला, जमिनींना भाव आला. हक्कसोडपत्रावर कर्णबधिर बहिणीचा अंगठा घ्यायचाय आणि "तिला सगळं समजावलंय" असं सांगतोय तो भाऊ, ज्याच्या नावावर जमीन होणार आहे. घरगुती खुणांत 'हक्क सोडणे' कसं सांगितलं, हे विचारणारं तिथे कुणी नसतं. पोलीस ठाण्यात तर आणखी वाईट, कारण तक्रार घरातल्याच माणसाविरुद्ध असू शकते. म्हणून तर 2013 च्या दुरुस्तीनं पुरावा कायद्याच्या कलम 119 मध्ये स्पष्ट केलं की, बोलू न शकणाऱ्या साक्षीदाराचा जबाब दुभाषी किंवा विशेष शिक्षकाच्या मदतीनं घ्यायचा आणि त्याचं चित्रीकरण करायचं. नव्या साक्ष्य अधिनियमातही ही तरतूद कायम आहे. दुभाष्याचं काम दोन्ही भाषा येण्यावर संपत नाही. दोन्हीकडचं जसंच्या तसं पोचवायचं, पदरचं काही घालायचं नाही, ऐकलेलं बाहेर फोडायचं नाही. भावाला कितीही माया असली तरी तो हे करू शकत नाही, आणि त्याच्याकडून अपेक्षा करणंही चूक आहे. या कामाचा दोन वर्षांचा पदविका अभ्यासक्रम आहे. दिल्लीच्या भारतीय सांकेतिक भाषा संशोधन व प्रशिक्षण केंद्रात (स्थापना 2015) तो शिकवतात. प्रशिक्षित दुभाषे मात्र फार थोडे आणि तेही शहरांत, ही खरी रड आहे. 2011 च्या जनगणनेत ऐकण्याचं अपंगत्व नोंदवलेली माणसं 50 लाखांच्या वर होती.

बाकीचे समज थोडक्यात उरकू.

'जगभर एकच खुणांची भाषा.' नाही. अमेरिका आणि ब्रिटन दोन्हीकडे इंग्रजीच, पण तिथल्या कर्णबधिरांच्या भाषा एकमेकांना कळत नाहीत. मुळाक्षरं अमेरिकेत एका हातानं, ब्रिटनमध्ये आणि आपल्याकडे दोन हातांनी.

'ओठ वाचतात की ते.' आरशासमोर आवाज न काढता 'पान', 'बाण', 'मान' म्हणा आणि फरक शोधा.

'खुणा शिकवल्या तर मूल बोलायचं राहील.' 1880 मध्ये मिलानच्या परिषदेनं याच समजापोटी शाळांतून खुणा हद्दपार करण्याचा ठराव केला. त्याच परंपरेतल्या शिक्षणतज्ज्ञांच्या परिषदेनं 2010 मध्ये व्हँकूवरला तो फेटाळून खेद व्यक्त केला. लहानपणी पक्की झालेली कोणतीही भाषा पुढच्या भाषेला आधारच देते.

'कानाचं यंत्र बसवलं की प्रश्न मिटला.' यंत्र आवाज पोचवतं. तो ओळखायला वर्षानुवर्षांचा सराव लागतो आणि तोवर मुलानं भाषेविना थांबायचं कारण नाही.

'हे सगळं शहरात, आमच्याकडे कुठलं?' दिल्लीच्या त्या सांकेतिक भाषा केंद्राचा शब्दकोश 2021 पर्यंत 10,000 शब्दांचा झाला असून त्यातल्या खुणांचे व्हिडिओ मोबाइलवर फुकट बघता येतात. घरातल्या सगळ्यांनी ते मुलासोबत बसून बघावेत. मूल एकटंच शिकलं तर घरी बोलणार कुणाशी?