निवेदकाविना बोलणारी माणसे

माहितीपट म्हटला की चित्रावर सतत बोलणारा निवेदक आपण गृहीतच धरतो. इटलीचे वित्तोरिओ दे सेता (१९२३-२०११) यांनी १९५४ ते १९५९ या काळात काढलेल्या दहा लघुपटांतून मात्र हा निवेदक जवळजवळ नाहीसा झाला आहे. सिसिलीचे कोळी, गंधकाच्या खाणींतील मजूर, सार्डिनियातील ओर्गोसोलो येथील मेंढपाळ हे त्यांचे विषय. श्रमिकांच्या हाका, गाणी व अवजारांचे आवाज ते त्या त्या ठिकाणीच ध्वनिफितीवर टिपीत आणि मागाहून चित्राशी जुळवीत. ट्यूना माशांचे जड जाळे ओढताना अनेकांचे हात एकाच लयीत चालतात. ते गाणे ऐकले म्हणजे गाणे हेही कामाचे एक साधनच आहे, हे सांगावे लागत नाही.

या पद्धतीला मर्यादाही आहेत. मजुरी किती, खाण कोणाची, हे नुसत्या आवाजांतून कळत नाही. तेथे शब्दच हवेत. पण ते शब्द ऐकण्याच्या आधी नव्हे, नंतर यावेत. सिसिलीच्या त्या खाणी आज बंद आहेत. तेथील श्रमांचा नाद मात्र या पटांत उरला आहे. बोलीचा व लोकगीतांचा संग्रह करणाऱ्या आम्हां शिक्षकांनी हा क्रम ध्यानी ठेवावा, असे आम्हांस वाटते.